कॅप्टनचा अबोला

ज्ञानेश्वर मोहोळकरांना बोट लागते. लंडनजवळच्या हॅरोतल्या आमच्या मराठी मंडळाची सहल आइल ऑफ वाइट बेटाला गेली होती तेव्हा फेरीबोटीच्या तेवढ्याशा प्रवासात त्यांना तीनदा उलटी झाली, आणि तिसऱ्यांदा तर फेरी धक्क्याला बांधलेली होती. केकच्या पाकिटामागची बारीक अक्षरं भिंगातून वाचून, अंडं सापडलं की पाकीट परत ठेवणारा हा माणूस. एकतीस वर्षं कौन्सिलच्या गटारखात्यात इंजिनियर होता. अशा माणसानं निवृत्तीनंतर काय करावं? टोमॅटो लावावेत, नाहीतर ब्रिज खेळावं. हॅरोतले आमचे सगळे पुरुष तेच करतात. मोहोळकरांनी देवमाशांची शिकार करणाऱ्या जहाजावर चारशे बारा पानांची मराठी कादंबरी लिहिली. काळ अठराशे छत्तीस. पहिल्या तीस पानांत दोन मुडदे.

मी वैजयंती. मंडळाच्या ग्रंथालयाची किल्ली माझ्याकडे असते. ग्रंथालय म्हणजे चर्चच्या हॉलमधली दोन लोखंडी कपाटं, आणि त्यातलं एक उघडत नाही. औषधांच्या दुकानात जन्म काढल्यामुळे मला माणसांचा फारसा आदर उरलेला नाही, हे आधीच सांगून टाकते. मोहोळकरांची बायको मनीषा माझी मैत्रीण होती. मैत्रीण म्हणजे रोज फोन, आठवड्यातून दोनदा एकमेकींच्या घरी जेवण, आणि नवऱ्यांबद्दल एकमत.

मोहोळकर बोलत नसत. भांडतही नसत, ओरडतही नसत. घरातलं बोलणं म्हणून जे काही असे ते मनीषामार्फत होई. "तनूला सांग, ट्रेन नऊ बाराची आहे." "बाबांना सांग, मला माहितीय." तिघं एका टेबलाशी बसलेली, आणि मधे मनीषा टेलिफोन एक्स्चेंज चालवत असल्यासारखी. सहा वर्षांपूर्वी मनीषा गेली आणि एक्स्चेंज बंद पडलं. त्यांची मुलगी तनिषा, म्हणजे तनू, तेव्हापासून मँचेस्टरला. तिथल्या हॉस्पिटलात फिजिओ आहे, छत्तीस वर्षांची, हुशार, आईसारखी उंच. वर्षातून दोनदा येते. बापलेक सोफ्याच्या दोन टोकांना बसून टीव्हीवरचं क्विझ बघतात आणि उत्तरं टीव्हीला सांगतात. एरवी मोहोळकर तिला व्हॉट्सअ‍ॅपवर मँचेस्टरच्या हवामानाच्या सूचना पाठवतात. उद्या वारा जोरात आहे. परवा बर्फ पडेल. ती अंगठा पाठवते.

त्या माणसाला आयुष्यात आता एकच गोष्ट हवी होती, ती म्हणजे तनूनं त्यांच्याशी धड बोलावं. हे मला ठाऊक होतं, कारण मनीषाच्या वर्षश्राद्धाला ताटं उचलता उचलता त्यांनी मला विचारलं होतं, "वैजयंतीताई, माणसं बोलायला सुरुवात कशी करतात हो?"

"तोंड उघडून," मी म्हटलं.

पुढच्याच आठवड्यात ते हल नावाच्या बंदराच्या गावी गेले.

हलला, मग व्हिटबीला, मग डंडीला. जिथे जिथे म्हणून देवमाशांच्या शिकारीचं म्युझियम आहे तिथे तिथे हे पेन्शनरांचं रेल्वेकार्ड घेऊन हजर. परत आले की जेवणाच्या पंगतीत चरबी कशी सोलतात, कढई किती मोठी असते, धुराचा वास किती मैलांवर जातो, याचं वर्णन. माणूस जन्मभर गप्प बसला आणि बोलायला लागला तो चरबीवर. सुमन गोखले एकदा श्रीखंडाची वाटी घेऊन स्वयंपाकघरात निघून गेली ती परतलीच नाही.

मी विचारलं, "इंग्रजीत का नाही लिहीत? विषय त्यांचा, जहाज त्यांचं."

"इंग्रजीत लिहिलं तर कुणीही वाचेल," ते म्हणाले.

मला वाटलं, नवोदित लेखकाचा विनय आहे. मराठीत लिहिलं तर कुणीच वाचणार नाही, हे वास्तव मी त्यांना सांगितलं नाही.

मंडळाचा वाचनकट्टा दर महिन्याच्या तिसऱ्या रविवारी दुपारी तीनला भरतो. मोहोळकर एकेक प्रकरण वाचू लागले तेव्हा आम्ही सात जण असायचो, त्यातले दोघे झोपलेले. बाकीचे बटाटेवड्यांसाठी. जहाजाचं नाव ‘प्रॉस्पेक्ट’, कॅप्टनचं नाव ब्रॅमली. सहा प्रकरणं नुसती थंडी, रक्त आणि धूर. मग सातवं प्रकरण आलं आणि मंडळात आग लागली.

सातव्या प्रकरणात असं होतं की जहाजावर हार्पून, म्हणजे देवमाशावर फेकायचा भाला, मारणारा जेकब नावाचा खलाशी असतो. कॅप्टननं त्याला स्वतः शिकवलेलं असतं. महिनोन् महिने, रोज पहाटे, लाकडी ओंडक्यावर नेम धरायला लावून. मोसमातला सगळ्यात मोठा मासा समोर येतो, जेकब हार्पून फेकतो आणि नेम चुकतो. मासा जातो. आता खलाशांना वाटतं, कॅप्टन याला फटके मारणार, निदान उपाशी ठेवणार. कॅप्टन तसलं काहीच करत नाही. तो जेकबशी बोलणं बंद करतो. मीठ हवं असेल तर शेजारच्याला सांगतो, त्याला सांग. जेकब समोरून आला की त्याच्या खांद्यावरून पलीकडे बघतो. मग जहाज बर्फात अडकतं आणि अबोला चालूच राहतो. कॅप्टन बोलत नाही म्हणून हळूहळू बाकीचेही बोलत नाहीत. चाळिसाव्या दिवशी जेकब शिडीवरून खाली उतरतो आणि बर्फावरून चालू लागतो. कुणी हाक मारत नाही.

मोहोळकरांनी वही मिटली. हॉलमध्ये झोपलेले दोघेही जागे होते.

त्याच आठवड्यात अध्यक्ष आसावरी कर्णिकांचा मला फोन. "वैजयंती, बी ऑनेस्ट. तो कॅप्टन म्हणजे अर्चना ना? एक्झॅक्टली तिच्यासारखं खांद्यावरून बघतो." आसावरी अध्यक्ष, अर्चना रेगे सांस्कृतिक कार्यवाह. दोघी नऊ वर्षं एकमेकींशी बोलत नाहीत. कारण गणपतीतल्या एका नाटकात कुणी कुणाची सासू व्हायचं हे होतं. तरीही मंडळ उत्तम चालतं, कारण दोघींच्या मधे खजिनदार अतुल बसतो. "अतुल, त्यांना सांग, हॉल चारला मिळेल." "अतुल, त्यांना सांग, मला कळलंय." पाच मिनिटांनी अर्चनाचा फोन. तिलाही कॅप्टन ओळखू आला होता आणि ती आसावरी होती.

अतुल मात्र खचला. त्याचं शेजाऱ्याशी मधल्या झुडपांच्या कुंपणावरून वाजलं होतं आणि तीन वर्षं तो त्या गोऱ्या म्हाताऱ्याशी बोलत नव्हता. त्याला खात्री होती की कॅप्टन तोच. सुमन गोखलेला वाटलं, कॅप्टन म्हणजे तिचे यजमान. यजमानांना वाटलं, सुमन. मी सगळ्यांना हसले, आणि मग एका संध्याकाळी भांडी घासताना आठवलं की माझ्या धाकट्या जावेशी मी दोन वर्षं बोलले नव्हते, एका पैठणीवरून. माझेही हात थांबले. आपल्या लोकांना मारामारी जमत नाही. शिव्याही बेताच्याच येतात. पण अबोला धरायला सांगा, चार चार पिढ्या बसून राहतील, तेही रीतसर जेवूनखाऊन.

पुढच्या महिन्यात कट्ट्याला एक्केचाळीस माणसं होती. वडे पुरले नाहीत. प्रत्येक जण आपण कितव्या पानावर आहोत ते बघायला आला होता. देवमाशाचं कुणाला काही पडलं नव्हतं. आणि ज्यांना कादंबरीत स्वतःचं काहीच सापडेना ते सगळ्यात जास्त दुखावले. यतीन पोंक्षे मला म्हणाला, "तीस वर्षं मी या मंडळात आहे, वैजयंतीताई. मला एक खलाशी पण केला नाही."

शेवटी कार्यकारिणीनं मोहोळकरांना बोलावून घेतलं. पुस्तक मंडळातर्फे प्रकाशित करायचं ठरलं होतं, तेव्हा थोडी सूचना करण्याचा हक्क कार्यकारिणीला होताच.

"अहो मोहोळकर, इट्स ब्रिलियंट," आसावरी म्हणाली. "पण तो अबोला थोडा अनरिअलिस्टिक वाटतो. ब्रिटिश कॅप्टन असं करेल का? फटके मारायचे ना ते?"

"अतुल, त्यांना सांग की मी अ‍ॅग्री करते," अर्चना म्हणाली. नऊ वर्षांत पहिल्यांदा दोघींचं एकमत झालं होतं.

"फटके घाला," अतुल काकुळतीनं म्हणाला. "प्लीज. चाबूक, रक्त, काय हवं ते. लोकांना चालेल."

"जहाजांवर फटके मारायचे, हे मला माहीत आहे," मोहोळकर म्हणाले. "पण हा कॅप्टन मारत नाही. त्याला वाटतं, आपण मारत नाही म्हणजे आपण चांगले."

फटक्यांचा विषय तिथेच संपला. चहा आला.

प्रकाशन मार्चमधल्या एका रविवारी ठरलं. फेसबुकवर पोस्टर पडलं आणि त्या संध्याकाळी तनिषाचा मला फोन आला. "काकू, बाबांनी बुक लिहिलंय? मला नाही सांगितलं." मी म्हटलं, सांगितलं असेल गं, हवामानाच्या मेसेजमध्ये बघ. ती हसली नाही. "मी येते," म्हणाली.

ती आली ती सरळ हॉलवर, दोन तास आधी. मी आतल्या लहानशा किचनमध्ये चहाचं पाणी चढवत होते. पुस्तकांची खोकी उघडलेली होती. तिनं एक प्रत घेतली, उलटसुलट केली. वर निळं पाणी, एक जहाज, ‘उत्तरेचा समुद्र’. "मला वाचता नाही येत, काकू. मराठी संडे स्कूलला मी ळपर्यंत गेलेली, मग एक्झाम आला. तुम्ही वाचाल? थोडं?"

मी सातवं प्रकरण काढलं. लोकांना आवडलेलं तेच होतं, म्हणून. बशा पुसायच्या राहिल्या होत्या, तरी खुर्ची ओढून वाचू लागले. ओंडक्यावरचा नेम वाचला, चुकलेला हार्पून वाचला. कॅप्टननं मीठ दुसऱ्याकडून मागवलं तिथे आले तर तनू माझ्याकडे न बघता म्हणाली, "ते आई द्यायची. मीठ."

मी थांबले. "काय?"

"इलेव्हन-प्लस, काकू. मी फेल झाली ना. रोज सकाळी पाचला उठवायचे, शाळेच्या आधी एक पेपर. दीड वर्ष. मग लेटर आला. बाबा ओरडले नाहीत. नुसते बोललेच नाहीत. मी गुड मॉर्निंग म्हणायची, ते खिडकीतून बघायचे." तिनं पुस्तकाकडे बोट केलं. "वाचा पुढे."

मी वाचलं. बर्फ, जहाज, बाकीच्यांचं गप्प होणं, चाळिसावा दिवस, शिडी. अकराव्या वर्षी निवडक सरकारी शाळांतला प्रवेश ठरवणाऱ्या या परीक्षेची साथ आमच्या हॅरोत अजूनही आहे. दहा वर्षांच्या पोरांना ट्यूशनला नेणाऱ्या गाड्यांच्या रांगा शनिवारी सकाळी बघून घ्याव्यात. तनूची परीक्षा मला आठवत होती. पत्र आलेलंही आठवत होतं. मनीषानं फोनवर सांगितलं होतं, हे तिच्याशी बोलत नाहीयेत गं. आणि मी, शहाणी, काय म्हटलं होतं? "येतील ताळ्यावर. पुरुषांचं असंच असतं. तू मधे पडू नकोस." त्या दिवसांत मी त्या घरी निदान दहा-बारा वेळा जेवले होते. ती पोर समोर ताटात बघून भात कालवत बसायची, आणि मी मनीषाशी साड्यांबद्दल बोलत होते. मला त्याची शरम वाटायला हवी होती तेव्हा वाटली नाही, ती आत्ता वाटली, पंचवीस वर्षांनी, चहाच्या पातेल्याशेजारी.

"तनू, मला माहीत होतं," मी म्हटलं.

"आय नो, काकू," ती म्हणाली. "सगळ्यांना माहीत होतं." आणि बशा पुसू लागली.

समारंभ साडेचारला सुरू झाला. दीपप्रज्वलनात हॉलचा धुराचा अलार्म वाजला, तो बंद होईपर्यंत स्वागतगीत दोनदा झालं. प्रमुख पाहुणे नकुल सरपोतदार. लंडनच्या एका मोठ्या बँकेत मोठ्या पदावर, आणि मराठीतलं शेवटचं पुस्तक दहावीला वाचलेले. नाव ‘उत्तरेचा समुद्र’, मुखपृष्ठावर जहाज, तेव्हा त्यांनी समजूत करून घेतली की हे प्रवासवर्णन आहे. पंधरा मिनिटं ते स्वतःच्या नॉर्वेच्या क्रूझबद्दल बोलले. त्यात शाकाहारी जेवणाची सोय उत्तम होती. "मोहोळकरसाहेबांनी आपल्यालाही या सुंदर सफरीवर नेलं आहे, पुस्तक मुलांच्या हातात जरूर द्या," असं म्हणून त्यांनी शाल घातली. आसावरीनं पुस्तकातला संयम वाखाणला. अर्चनानं, आसावरीकडे रोखून बघत, पुस्तकातला सत्यशोध वाखाणला. मोहोळकर शालीत बसून होते. त्यांनी तनूला शेवटच्या रांगेत पाहिलं होतं आणि तेव्हापासून हातातला नारळ ते खाली ठेवायचं विसरले होते.

मग प्रश्नोत्तरं. अतुल माइक घेऊन फिरू लागला. यतीननं विचारलं, पात्रं कशी सुचतात. कुणीतरी विचारलं, दुसरा भाग येणार का. मागे एक हात वर झाला आणि अतुलनं माइक तिकडे नेला. ही कोण हे अर्ध्या हॉलला ठाऊक नव्हतं.

"त्या स्टोरीत चाळीस दिवस लिहिलंय," तनू म्हणाली. आवाज स्वच्छ होता, हॉस्पिटलात पेशंटला पाय उचला म्हणून सांगतात तसा. "कॅप्टन बोलत नाही ते. ते चूक आहे. सत्तेचाळीस होते."

सगळे माना वळवून बघू लागले. अतुलनं लगबगीनं माइक स्वतःकडे घेतला. "थँक्यू, थँक्यू! इतकं बारकाईनं वाचणारे वाचक आपल्याला मिळालेत, हे आपलं भाग्य. दुसऱ्या आवृत्तीत करेक्शन करून टाकू." लोक हसले. सरपोतदारांनी टाळी वाजवली. आसावरीनं खरोखरच वहीत टिपून घेतलं.

मोहोळकर उभे राहिले. नारळ कुठे ठेवावा ते त्यांना कळेना, शेवटी त्यांनी तो प्रमुख पाहुण्यांच्या मांडीवर ठेवला आणि टेबलावरचा दुसरा माइक उचलला.

"चुकून नाही झालं ते," ते म्हणाले. "आधी मी सत्तेचाळीसच लिहिलं होतं. मग खोडलं. वाटलं, वाचणाऱ्यांना पटणार नाही. इतके दिवस कुणी… चाळीससुद्धा जास्तच वाटत होते."

"पाडव्याला काकू आणि सगळे जेवायला आले म्हणून तुम्ही बोललात," तनू म्हणाली. माइक तिच्याकडे नव्हता, पण आता हॉलमध्ये कपाचाही आवाज नव्हता. "म्हणालात, काकूंना पाणी दे. ते काउंट होतं का, बाबा? मला कधी कळलं नाही. मी अकरा वर्षांची होती."

ती काकू मी. ते पाणी मी प्यायले होते. पुढच्या रांगेतली माणसं आता कुणी कुणाकडे बघत नव्हती. आपण कितव्या पानावर आहोत हे शोधणारी एक्केचाळीस माणसं आपापल्या चपलांकडे बघत होती. अर्चनाला सवयीनं वाटलं की कार्यक्रम हाताबाहेर चाललाय. ती आभारप्रदर्शनाचा कागद घेऊन उठली. मी तिचा पदर धरून तिला खाली बसवलं.

मोहोळकरांनी तोंड उघडलं, मिटलं. या माणसानं हलला जाऊन देवमाशाच्या फासळ्या मोजल्या होत्या. चारशे बारा पानं हातानं लिहिली होती. दोनशे वर्षं मागे जाऊन, एका समुद्रावर, परक्या माणसांची नावं ठेवून, आणि तेही तिला वाचता न येणाऱ्या लिपीत, त्यांनी सगळं सगळं सांगितलं होतं. एक शब्द तेवढा राहिला होता. मला इतका राग आला होता त्यांचा, आणि मी मनातल्या मनात म्हणत होते, बोला हो, बोला, मेल्या माणसा, बोला.

"चुकलो मी, तनू," ते म्हणाले.

माइक चालू होता. हॉलभर ऐकू गेलं. हॅरोतल्या मराठी माणसांच्या सभेत बापानं मुलीला असं म्हटल्याचं मी पंचेचाळीस वर्षांत ऐकलेलं नाही, आणि कार्यक्रमपत्रिकेत हे कशात बसतं ते कार्यकारिणीत कुणालाच ठरवता येईना. टाळ्या वाजवायच्या की नाहीत, हेही.

तनू रडली नाही. धावत येऊन गळ्यात पडली नाही. तिथेच उभी राहिली, पुस्तक छातीशी धरून.

"परत म्हणा," ती म्हणाली.

त्यांनी परत म्हटलं.